स्वप्नातले गवंडी

(आकाशवाणीवरील भाषणाचं संपादित रूप)



काल रात्री तुम्ही कुठल्या घरात होता? गैरसमज करून घेऊ नका. झोप लागल्यावर कुठल्या घरात होता, असं विचारतोय. हा प्रश्न मी गेली वीस-पंचवीस वर्षं भेटेल त्याला विचारत आलोय. कवी माणूस म्हटल्यावर लोक असले प्रश्न चालवून घेतात, हा कवितेचा एक फायदा. आणि उत्तर देताना बहुतेक जण हटकून एक वाक्य बोलतात : "घर आपलंच होतं हो, पण आपल्या घरासारखं नव्हतं."

माझ्या ओळखीच्या एका एस.टी. कंडक्टरच्या स्वप्नात शाळेचा जिना चढून गेलं की थेट सासुरवाडीचं माळवद लागतं. निवृत्त झालेल्या एका बाईंच्या स्वयंपाकघरात फळीच्या मागं एक जास्तीची खोली निघते. दर वेळी त्यांना वाटतं, अगं बाई, ही इथं होतीच की, आपण उगाच इतकी वर्षं अडचणीत काढली! एका मित्राच्या स्वप्नातल्या बँकेला परसदार आहे आणि परसात त्याच्या आजीची शेळी बांधलेली असते. बँकेच्या साहेबांची तिला काही हरकत नसते.

मग मला प्रश्न पडायचा, हे बांधतं कोण? आपण तर झोपलेलो असतो. ज्याला जागेपणी भिंतीत साधा खिळा सरळ ठोकता येत नाही, तो एका रात्रीत तीन मजली इमारत उभी कशी करतो? तेव्हा एक खेळ म्हणून मी मनाशी ठरवून टाकलं, की हे काम करणाऱ्या गवंड्यांची, सुतारांची, पाथरवटांची एक श्रेणी असली पाहिजे. 'श्रेणी' हा शब्द मी मुद्दाम वापरतोय. आज श्रेणी म्हटलं की आपल्याला परीक्षेतला दर्जा आठवतो. आकाशवाणीच्या कलावंतांना तर फारच आठवतो. पण दोन हजार वर्षांपूर्वी आपल्याच महाराष्ट्रात कारागिरांच्या संघाला श्रेणी म्हणत. नाशिकच्या लेण्यांत उषवदाताचा शिलालेख आहे. त्यानं गोवर्धन इथल्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे तीन हजार कार्षापण ठेव म्हणून ठेवले; एकीकडे दोन हजार, दुसरीकडे एक हजार. पहिलीनं महिना शेकडा एक आणि दुसरीनं शेकडा पाऊण टक्का व्याज द्यायचं, आणि त्यातून भिक्षूंच्या चीवरांचा खर्च भागवायचा. राजाच्या जावयानं ज्यांच्याकडे पैसा विश्वासानं ठेवावा, इतकी त्या कारागिरांची पत होती. तशीच ही माझी स्वप्नातली श्रेणी. आपण आपली रात्र त्यांच्या हवाली करतो आणि पावतीही मागत नाही.

या श्रेणीचे काही नियम मी हळूहळू जमा केले. पहिला असा, की ओळंबा आणि गुण्या कामावर आणायचा नाही. काटकोन दिसला की समजावं, आपण जागे आहोत. दुसरा, नवा माल विकत घ्यायचा नाही. आपल्याकडे एखादा वाडा पडला की त्याची दारं, तुळया, खांब विकले जातात आणि दुसऱ्याच गावात कुणाच्या तरी घराला लागतात. तसं या गवंड्यांचं सगळं काम जुन्या लाकडावर चालतं. तुम्ही जे कधी पाहिलंच नाही, ते ते बसवणार नाहीत. फक्त कुठलं दार कुठल्या भिंतीला, हे ते ठरवतात. तिसरा, रस्ते बांधायचे नाहीत. ते त्यांच्या खात्यात येत नाही. म्हणून स्वप्नात आपण पोचलेलोच असतो, प्रवास केल्याचं आठवत नाही. आणि चौथा, सकाळ झाली की पाडकाम. मालकाच्या हाती फार तर एखादी वीट ठेवायची.

हा खेळ मी बरीच वर्षं एकटाच खेळत होतो. मग एके दिवशी माझ्या मुलीनं मला लॅपटॉपवर एक सिनेमा दाखवला. ख्रिस्तोफर नोलन या दिग्दर्शकाचा 'इन्सेप्शन', २०१० सालचा. पाहतो तर काय, माझी श्रेणी तिथं आधीच कामाला लागलेली! तुमच्यापैकी पुष्कळांनी, निदान तुमच्या घरातल्या मुलांनी, तो पाहिला असेल. त्यात एक टोळी आहे, ती दुसऱ्याच्या स्वप्नात शिरते. कधी तिथून गुपित पळवते, आणि या खेपेला तर एका माणसाच्या मनात एक विचार पेरायचा आहे. त्यासाठी स्वप्नातली इमारत, रस्ते, हॉटेल, सगळं आधी आखून ठेवावं लागतं. ते काम करणाऱ्याला त्या टोळीत 'आर्किटेक्ट' म्हणतात. टोळीचा म्होरक्या कॉब हा पॅरिसमध्ये वास्तुशास्त्र शिकणारी एक मुलगी निवडतो. तिची परीक्षा काय, तर दोन मिनिटांत असा चक्रव्यूह काढून दाखव, की तो सोडवायला एक मिनिट लागेल. पहिले दोन फसतात. तिसऱ्या वेळी ती चौकोन सोडून देते आणि गोल काढते. मुलीचं नाव आरिआद्नी. ग्रीक पुराणात क्रीटच्या भुलभुलैयातून बाहेर यायला थिसिअसला सुताचा गुंडा देणारी राजकन्या, तिचंच हे नाव.

सिनेमा मला पूर्ण कळला असं मी म्हणणार नाही. बंदुका फार आहेत. पण एका जागी मी मुलीला तो थांबवायला सांगितला. त्या मुलीला शिकवताना कॉब एक नियम सांगतो : आठवणीतली जागा जशीच्या तशी कधी बांधायची नाही. दिव्याचा खांब घे, टेलिफोनची खोली घे, पण अख्खी जागा नको. ती नेहमी नवी कल्पून बांधायची. कारण आठवणीतून बांधायला लागलं, की खरं कुठलं आणि स्वप्न कुठलं, हे कळेनासं होतं.

म्हणजे माझ्या श्रेणीच्या दुसऱ्या नियमाच्या बरोबर उलट! आमचे गवंडी जुन्या मालाशिवाय हात लावत नाहीत, आणि यांना जुना माल चालत नाही. गंमत म्हणजे हा नियम शिकवणारा कॉब स्वतःच तो मोडत असतो. रात्री एकटा स्वप्नात जातो आणि एका लिफ्टमधून खाली-वर करतो. एकेका मजल्यावर एकेक आठवण ठेवलेली आहे, आणि तळघरात त्याची गेलेली बायको. दोघांनी मिळून पूर्वी स्वप्नात एक आख्खं शहर बांधलेलं असतं आणि त्यात स्वतः राहिलेली घरं ओळीनं मांडलेली असतात. नियम शहाणपणाचा आहे. पण तो शहाणपणा त्याला कुठून आला, हे पाहिलं की वाईट वाटतं.

स्वप्नातून इमारत आणायची ही कल्पना काही नोलनची नाही. कुब्लाई खान या मंगोल बादशहाचा शांग्दू इथं उन्हाळी महाल होता. आज ते ठिकाण चीनमधल्या इनर मंगोलियात येतं. इराणमधला वजीर आणि इतिहासकार रशीदुद्दीन यानं चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला फारसीत जगाचा एक मोठा इतिहास लिहिला. अर्जेंटिनाचा लेखक होर्हे लुईस बोर्हेस यानं त्याचा हवाला देऊन सांगितलंय, की या महालाचा नकाशा खानानं स्वप्नात पाहिला होता. पुढं १७९७ च्या सुमाराला इंग्रज कवी कोलरिज याच महालाबद्दल वाचता वाचता अफूच्या गुंगीत झोपला आणि स्वप्नात त्याला महालावरची कविताच मिळाली. दोन-तीनशे ओळी होत्या, असं त्याचं म्हणणं. उठून लिहायला बसला, तेवढ्यात पोर्लॉक गावाहून कुणीतरी कामासाठी आला. तो जाईपर्यंत उरलेलं सगळं विरलं. हाती राहिल्या ५४ ओळी. त्या १८१६ मध्ये छापल्या. महालाचंही तेच झालं. शांग्दूचे आता चौथरे आणि तटाचे अवशेष राहिलेत. २०१२ मध्ये युनेस्कोनं ते जागतिक वारशात घेतले. बोर्हेसला वाटतं, एकच वस्तू जगात यायला धडपडतेय, एकदा दगडाच्या आणि एकदा शब्दांच्या रूपानं. पुढं आणखी कुणाच्या तरी स्वप्नात ती येईल. मला मात्र त्या पोर्लॉकच्या माणसाबद्दल नेहमी बोलावंसं वाटतं. बिचाऱ्याचं काय काम होतं, कुणी विचारलं नाही. पण ते आज राहू द्या.

याच कुब्लाई खानाला मार्को पोलो एकेक शहराचं वर्णन सांगतो, अशी कल्पना करून इटालियन लेखक इतालो काल्विनो यानं १९७२ मध्ये एक पुस्तक लिहिलं. त्यात झोबेइदे नावाचं शहर आहे. निरनिराळ्या देशांतल्या पुरुषांना एकच स्वप्न पडतं. अनोळखी शहरातून रात्री एक स्त्री पळतेय, हे तिच्या मागं धावतात, आणि ती निसटते. जागे झाल्यावर ते त्या शहराच्या शोधात निघतात. शहर सापडत नाही. एकमेकांना मात्र ते सापडतात. मग ते ठरवतात, आपणच ते बांधू. जो तो आपण धावलो तसा रस्ता आखतो. फक्त जिथं ती निसटली, तिथं भिंती वेगळ्या घालतो. पुन्हा निसटू नये म्हणून. ती स्त्री कधी येत नाही. उरतं एक कुरूप शहर, सापळ्यासारखं. ही गोष्ट मी दोन-तीनदा वाचली आणि प्रत्येक वेळी ती जादा घातलेली भिंत मला खटकली. का खटकली, ते पुढं येईल.

आता थोडं विज्ञान. मी बी.ए. झालेला माणूस, तेव्हा थोडंच. आपल्या मेंदूत कानाच्या आतल्या बाजूला हिप्पोकॅम्पस नावाचा भाग आहे. लंडनमध्ये जॉन ओकीफ यांनी १९७१ मध्ये दाखवलं, की उंदीर खोलीत एका विशिष्ट जागी आला की तिथल्या काही विशिष्ट पेशी चेततात. जागा बदलली की दुसऱ्या पेशी. म्हणजे आत जागेचा नकाशाच आहे. या कामासाठी २०१४ चं नोबेल त्यांना आणि नॉर्वेच्या मोझर दांपत्याला मिळालं. त्याआधी १९९४ मध्ये आणखी एक शोध लागला होता. दिवसा धावताना उंदराच्या ज्या पेशी बरोबरीनं चेततात, त्याच नंतर झोपेतही बरोबरीनं चेततात. २००१ मध्ये तर ज्या झोपेत माणसाला ठळक स्वप्नं पडतात, त्या झोपेतही उंदराच्या मेंदूत धावेची उजळणी होताना दिसली. उंदीर झोपलेला, आणि आत त्याचे गवंडी बोळ बांधतायत! मला फार आनंद झाला. माझी श्रेणी अगदीच थाप नव्हती तर.

पण श्रेणीचा सगळ्यात महत्त्वाचा नियम मला उंदरांकडून मिळाला नाही आणि सिनेमातूनही नाही. तो माझ्या मामूंनी सांगितला. त्यांच्याकडे वळण्यापूर्वी एका ग्रीक कवीची गोष्ट सांगायला हवी.

सिमोनिडीस हा अडीच हजार वर्षांपूर्वीचा कवी. त्याची गोष्ट रोमन वक्ता सिसेरो यानं लिहून ठेवलीय. थेसलीमध्ये स्कोपास नावाच्या धनिकाकडे मेजवानी होती. सिमोनिडीसला निरोप आला, बाहेर दोन तरुण तुला बोलावतायत. तो बाहेर आला. बाहेर कुणीच नव्हतं. आणि तेवढ्यात मागं छत कोसळलं. आतली माणसं अशी चिरडली, की नातेवाइकांना आपलं माणूस ओळखता येईना. सिमोनिडीसनं डोळ्यांपुढं पंगत आणली. इथं हा बसला होता, तिथं तो. त्यावरून प्रेतं ज्याची त्याला मिळाली. यातून त्याला सुचलं, की लक्षात ठेवायचं असेल तर मनात घर बांधावं आणि एकेक गोष्ट एकेका जागी ठेवावी. पुढं शेकडो वर्षं युरोपातले वक्ते आपली भाषणं अशीच पाठ करत. मनातल्या घराच्या खोल्यांतून फिरत. स्मरणाची ही विद्या पडलेल्या छताखालून निघाली, हे मला चाळिशीनंतर वाचायला मिळालं. तोवर ते मी पाहून चुकलो होतो.

माझं आजोळ लातूर आणि उस्मानाबाद, म्हणजे आताचं धाराशिव, यांच्या हद्दीवर तेरणेच्या खोऱ्यातलं. घर माळवदाचं. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांच्यासाठी सांगतो. दगडमातीच्या दोन-दोन हात रुंद भिंती, आत लाकडी खांब आणि तुळया, त्यावर फळ्या, आणि फळ्यांवर पांढऱ्या मातीचा जाड थर. उन्हाळ्यात थंड, थंडीत ऊबदार. दर पावसाळ्यापूर्वी वर नवी माती पडे, जुनी कुणी काढत नसे. खांब ते खांब जी जागा, तिला खण म्हणायचं. घर किती मोठं, तर इतक्या खणांचं. पुढं ढाळज, मध्ये चौक, चौकात रांजण. डाव्या हाताला नानीची खोली, तिला लागून मधला खण. मामू-मामी आणि मुलं तिथं झोपत. नानीच्या खोलीत धान्याचं बळद आणि तिचा पानाचा डबा.

नानीची एक सवय होती. दिवा बारीक करण्याआधी ती चौकात उभी राहायची आणि मोठ्यानं विचारायची, "कौन कां सोया, बोलो." आम्ही घरात दखनी बोलतो. ती ऐकायला उर्दूची धाकटी बहीण वाटते, पण तिचा 'नक्को' आपल्या मराठीतून गेलाय, म्हणून मला ती मराठीचीही कुणीतरी लागते. तर, "कौन कां सोया?" मग ज्याच्या त्याच्या जागेवरून उत्तर यायचं. मी सुट्टीत जायचो तेव्हा ढाळजेतून ओरडायचो. सगळी उत्तरं आली की नानी आत जायची. लहानपणी आम्हांला तो खेळ वाटे.

३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती. गणपती पोचवून गाव उशिरा झोपलं होतं, आणि पहाटे तीन वाजून छप्पन्न मिनिटांनी भूकंप झाला. किल्लारीचा म्हणून तो सगळ्यांना माहीत आहे. सरकारी मोजणीनं आठ हजारांच्या आसपास माणसं गेली. भिंतींचे दगड नुसत्या मातीत बसवलेले, वर मातीचं ओझं. भिंती फुटल्या आणि झोपलेल्या माणसांवर आल्या. मी तेव्हा चोविशीत होतो, लातूरला एका दुकानात हिशेब लिहीत होतो. दुपारपर्यंत गावात पोचलो. गाव कुठं आहे, ते कळेना. माती आणि दगड यांचे ढीग, मध्येच उभे राहिलेले खांब.

मामू त्या रात्री शेतात राखणीला होते. म्हणून वाचले. पहाटे धावत आले ते थेट ढिगावर. शेजारच्या वस्तीवरचे चार लोक मदतीला मिळाले. त्यांनी विचारलं, "कुठं उकरायचं?" मामूंनी बोट दाखवलं. मधला खण. इथं बायको, इथं थोरला, इथं मुन्नी. पलीकडे आई, एकटी. नानीचं रोजचं विचारणं त्या दिवशी कामाला आलं. घराच्या नावानं उरलेल्या ढिगात मामूंना प्रत्येकाचं अंथरूण दिसत होतं. मधल्या खणाचे खांब तग धरून होते. मामी जिवंत निघाली, शुद्ध नव्हती. थोरला निघाला, पाय मोडलेला. मुन्नी आईच्या कुशीत नव्हती. मामू म्हणाले, इथंच असणार, सरकली असेल. दोन तास त्या खणातली माती हातांनी आणि घमेल्यांनी काढत राहिले.

ती तिथं नव्हतीच. चार वर्षांची पोर, मिरवणूक पाहून पेंगुळली आणि नानीजवळ जाऊन झोपली. मामू शेतात गेल्यानंतर. त्यांना कोण सांगणार? भिंतीच्या पलीकडं, नानीच्या खोलीत, दोघी सापडल्या तेव्हा दुपार होत आली होती.

नंतर बाहेरून आलेल्या एका डॉक्टरांनी मामूंना समजावलं, की दोघी पहिल्याच झटक्यात गेल्या असणार, आधी तिकडं उकरलं असतं तरी काही फरक पडला नसता. मामूंनी ऐकून घेतलं. मानलं नाही. आजही मानत नाहीत. पुढची काही वर्षं ते या विषयावर कुणाशी बोलले नाहीत, आणि आम्हीही विचारलं नाही.

भूकंपानंतर पन्नासएक गावं नव्या जागी वसवली गेली. ज्याची जमीन जशी, तसं घर : २५०, ४०० किंवा ७५० चौरस फूट. भिंती पक्क्या, रस्ते रुंद आणि सरळ, घरं ओळीत. मजबुतीच्या दृष्टीनं त्यात काही चूक काढता येणार नाही, आणि मी काढणारही नाही. पण जुन्या गावात शेजार म्हणजे भिंतीला भिंत होती. नव्या गावात सगळ्या ओळी सारख्या. म्हातारी माणसं सुरुवातीला दुसऱ्याच्या दारात जाऊन उभी राहत. मामूंना चारशे फुटांचं घर मिळालं. पहिली कित्येक वर्षं ते त्यात झोपले नाहीत. पुढं पत्र्याचं छप्पर काढलं आणि बाज तिथं टाकली. डोक्यावर जड काही नको.

तीनेक वर्षांपूर्वी मी त्यांच्याकडे मुक्कामाला होतो. वय झालंय, रात्री झोप लागत नाही. मग बोलत बसतात. मी करमणूक म्हणून त्यांना त्या सिनेमाची गोष्ट सांगितली. स्वप्नात इमारती बांधणारी टोळी, नकाशे काढणारी पोरगी, लिफ्ट. मामू लक्ष देऊन ऐकत होते. मधेच विचारलं, "ती पोरगी मजुरी किती घेते?" मग मी तो नियम सांगितला, की आठवणीतली जागा बांधायची नाही, नेहमी नवी बांधायची. मामू थोडा वेळ गप्प बसले.

"नवी जगा में कौन मिलने का?" ते म्हणाले.

आणि मग त्यांनी, मी न विचारता, स्वतःचं स्वप्न सांगितलं. आठ-पंधरा दिवसांतून एकदा ते जुन्या घरात जातात. ढाळज तशीच, चौक तसाच, रांजण तसाच. रांजणाचा तडासुद्धा तिथंच. रात्रीची वेळ असते. नानी चौकात उभी राहून विचारते, कौन कां सोया, आणि सगळे उत्तर देतात. मुन्नीपण देते. फक्त एक फरक असतो. नानीच्या खोलीची आणि मधल्या खणाची जी दोन हात रुंदीची भिंत, ती नसते. पडलेली नाही, दगड-माती काही नाही. मुळातच नसते. तिथं सलग जमीन, सारवलेली. मामीपासून नानीपर्यंत एका ओळीत अंथरुणं. मुन्नी कधी या बाजूला असते, कधी त्या बाजूला. मामू म्हणाले, ती कुठंही असली तरी मला दिसते.

श्रोतेहो, मी इतकी वर्षं या श्रेणीचे नियम गोळा करत हिंडलो. जुना माल वापरायचा, हे मला कळलं होतं. त्या घरात गवंड्यांनी एकही नवी वीट लावली नव्हती. एक भिंत तेवढी काढली होती. झोबेइदेच्या लोकांची ती जादा घातलेली भिंत मला का खटकत होती, ते त्या रात्री कळलं.

सकाळी चहा झाल्यावर मामू म्हणाले, त्या पोरीसारखा नकाशा काढ. नातवंडांनी जुनं घर पाहिलेलं नाही. जुन्या गावठाणात आता बाभळी माजल्यात, तिथं दाखवण्यासारखं काही नाही. मी कॅलेंडरचं मागचं पान घेतलं, थोरल्याच्या मुलाच्या दप्तरातून पट्टी आणि पेन्सिल घेतली. मामू सांगत गेले, मी काढत गेलो. दार उत्तरेला. ढाळज इतकी लांब. नाही, इतकी नाही, पुस. चौक. रांजण. पायरी. परसात शेवग्याचं झाड, तेपण काढ. डावीकडे अम्माची खोली, बळद या कोपऱ्यात. मधला खण. खांब चार. प्रत्येक खांबाला त्यांनी मला गोल काढायला लावला, चौकोन चालला नाही.

मग मी दोन खोल्यांच्या मधली भिंत काढायला पट्टी ठेवली. मामूंनी कागदावर बोट ठेवलं.

"वां लकीर नक्को मार."

मी पट्टी उचलली.